आश्रमातल्या बाईला कोणी विचारले?

धर्मादाय संस्था चालवीत असलेल्या महिलाश्रमांवर सरकारची देखरेख असावी की नसावी, हा वाद आपल्या ख्रिस्ती समाजात अधूनमधून उफाळतो आणि दर वेळी भलत्याच मुद्द्यावर येऊन थांबतो. एक पक्ष म्हणतो, सिस्टरांनी आयुष्य वाहून उभारलेल्या घरात सरकारी कारकुनाने नाक का खुपसावे? दुसरा पक्ष म्हणतो, कर नाही त्याला डर कशाला? पहिल्याला धर्मभगिनींचा अपमान दिसतो, दुसऱ्याला कायद्याचा मान दिसतो. त्या आश्रमात दिवस काढणारी बाई मात्र दोघांनाही दिसत नाही. माझे भांडण या दोन्ही पक्षांशी आहे. सरकारशी तर आहेच.

२०१८ सालचा जुलै महिना आठवून पाहा. रांची येथे मदर तेरेसांच्या धर्मभगिनी चालवीत असलेल्या 'निर्मल हृदय' या अविवाहित मातांच्या आश्रमातून बालकांची विक्री झाल्याचा आरोप झाला. तिथली एक कर्मचारी स्त्री आणि एक सिस्टर यांना अटक झाली. आरोप आणि निकाल यांत अंतर असते. ते इथेही राखले पाहिजे. परंतु दोन आठवडे उलटतात न उलटतात तोच केंद्रीय महिला व बालविकास मंत्री मनेका गांधी यांनी 'मिशनरीज ऑफ चॅरिटी'च्या देशभरातील सर्व बालगृहांची तपासणी करण्याचा आदेश राज्यांना दिला. आरोप एका घरावर आणि झडती साऱ्या संस्थेची! आपल्या धर्मग्रामांत संताप उसळला आणि तो अनाठायी नव्हता. पुढे २०२१ साली, ऐन नाताळच्या दिवशी, याच संस्थेच्या परदेशी देणग्यांच्या नोंदणीचे नूतनीकरण नाकारण्यात आले आणि जानेवारी २०२२ मध्ये ती नोंदणी पूर्ववत करण्यात आली. तेव्हा तर सरकारची देखरेख म्हणजे आपला गळा आवळण्याचा दोर, अशीच अनेकांची खात्री पटली.

एखाद्या संस्थेचे नाव घेऊन काढलेला फतवा निःपक्षपाती वाटत नाही, हे मी कोणत्याही व्यासपीठावरून सांगेन. पण त्या संतापाच्या भरात एक प्रश्न आपल्यापैकी फारसा कोणी विचारला नाही. रांचीच्या त्या घरात गर्भवती स्त्रिया राहत होत्या. प्रकरण उघडकीस आल्यावर त्यांना तेथून हलवण्यात आले. त्यांतल्या कोणा एकीला, मूल जवळ ठेवायचे की द्यायचे हे पूर्वी कोणी विचारले होते काय? विचारताना शेजारी कोण उभे होते? तिला वाचता येत नसेल तर कागदावर काय लिहिले आहे ते कोणी वाचून दाखवले? आणि हलवतानाही, कुठे जायचे हे तिला कोणी विचारले? आमच्याकडची चर्चा सिस्टरांच्या अब्रूभोवती फिरली आणि सरकारची चर्चा नोंदणी क्रमांकांभोवती.

काही सुशिक्षित मंडळी अशा वेळी राज्यघटनेचा आधार घेतात. धार्मिक संप्रदायांना धर्मादाय संस्था स्थापण्याचा व चालवण्याचा हक्क सव्विसाव्या कलमाने दिला आहे, हे खरे. पण ते कलम सुरू होते तेच सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य यांच्या अधीन राहून, या अटीने. आश्रम चालवण्याचा हक्क आपल्याला आहे. त्याचे दार आतून बंद करून घेण्याचा हक्क त्यात कोठेही लिहिलेला नाही. शिवाय देखरेखीचा कायदा काही कालपरवाचा नाही. स्त्रिया व बालके यांच्या संस्थांना परवाना सक्तीचा करणारा कायदा संसदेने १९५६ साली केला आणि अनाथालये व धर्मादाय गृहे यांच्यावरील देखरेख व नियंत्रणाचा कायदा १९६० साली केला. म्हणजे आपल्यापैकी बहुतेकांच्या जन्माआधीपासून देखरेख आहे. ती असूनही काय झाले, हा खरा प्रश्न आहे.

काय झाले ते मुजफ्फरपूरने दाखवून दिले. बिहारमधल्या या शहरात एक स्वयंसेवी संस्था सरकारी पैशावर मुलींचे बालिकागृह चालवीत होती. मुंबईच्या टाटा सामाजिक विज्ञान संस्थेच्या 'कोशिश' या गटाने बिहारमधील ११० आश्रयगृहांची पाहणी केली. हे काम राज्य सरकारनेच त्यांच्याकडे सोपवले होते, एवढे श्रेय सरकारला द्यायला हवे. हा गट प्रत्येक घरात गेला आणि तिथे राहणाऱ्यांशी बोलला. बस, एवढेच. त्यांच्यापाशी पोलिसांचे अधिकार नव्हते, कुलपे फोडण्याची हत्यारे नव्हती. ते मुलींपाशी बसले आणि मुलींनी जे सांगितले ते त्यांनी अहवालात लिहिले. २०१८ च्या मे महिन्याच्या अखेरीस गुन्हा नोंदला गेला. वैद्यकीय तपासणीत ४२ पैकी ३४ मुलींवर लैंगिक अत्याचार झाल्याचे निष्पन्न झाले. ऑगस्टमध्ये राज्याच्या समाजकल्याण मंत्र्यांना राजीनामा द्यावा लागला. सर्वोच्च न्यायालयाने खटला दिल्लीला हलवला. जानेवारी २०२० मध्ये २० आरोपींपैकी १९ जण दोषी ठरले आणि फेब्रुवारीत संस्थाचालकाला मरेपर्यंत जन्मठेपेची शिक्षा झाली.

आता वाचकांनी थोडे थांबून विचार करावा. या घराला त्याआधी कधी कोणी भेट दिलीच नव्हती काय? दिली होती. त्या घरावर देखरेख ठेवण्यासाठी माणसे नेमलेली होती. दोषी ठरलेल्या एकोणीस जणांत कोण कोण होते? जिल्ह्याच्या बालकल्याण समितीचा अध्यक्ष होता, त्या समितीचा एक सदस्य होता, बालसंरक्षण विभागाचे अधिकारी होते. ज्यांनी त्या मुलींचे रक्षण करायचे तेच आरोपीच्या पिंजऱ्यात उभे होते. कुंपणानेच शेत खाल्ले, असे आपण म्हणतो. पण इथे शेताला तोंड होते, जिभा होत्या, आणि वर्षानुवर्षे कुंपणाखेरीज कोणी त्याच्याजवळ जाऊन बसले नाही.

हीच संस्था त्याच शहरात प्रौढ स्त्रियांसाठी, सरकारी योजनेखालचे, 'स्वाधार गृह' चालवीत होती. तिथल्या ११ स्त्रिया आणि ४ मुले बेपत्ता असल्याची तक्रार २०१८ च्या जुलै महिन्यात नोंदली गेली. त्या खटल्यात जानेवारी २०२५ मध्ये मुजफ्फरपूरच्या न्यायालयाने आरोपींना पुराव्याअभावी निर्दोष सोडले. न्यायालयाचा निकाल मी मानतो. पण ज्या घराच्या हजेरीपटावर सरकारी अनुदान मिळते त्या घरातून पंधरा जीव नाहीसे झाल्याची तक्रार व्हावी, आणि त्या स्त्रियांना आधी कोणी नावाने ओळखत नसावे, याला देखरेख म्हणायचे असेल तर शब्दकोश बदलावा लागेल.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये उत्तर प्रदेशातील देवरिया येथे दहा वर्षांची एक मुलगी आश्रयगृहातून निसटून पोलिसांपर्यंत पोहोचली आणि तिथले प्रकार बाहेर आले. त्या घराची मान्यता सरकारने आदल्याच वर्षी रद्द केली होती! मान्यता रद्द झाल्यावरही पोलीस तिथे मुली आणून सोडतच होते. एका खात्याने कुलूप लावायचे आणि दुसऱ्याने खिडकीतून माणसे आत टाकायची. आपल्या महाराष्ट्राने बोटे मोडण्याचे कारण नाही. पनवेलजवळ बौद्धिक दुर्बलता असलेल्या मुलींच्या आश्रमातले अत्याचार २०११ साली उघडकीस आले, तेही नित्याच्या सरकारी तपासणीतून नव्हे, तर उच्च न्यायालयाने नेमलेल्या समितीच्या पाहणीमुळे. मुंबईच्या सत्र न्यायालयाने २०१३ साली दोषींना शिक्षा सुनावली.

नित्याची तपासणी कशी असते, हे मी निरनिराळ्या धर्मग्रामांत सेवा करताना पाहिले आहे. आश्रमांची व अधिकाऱ्यांची नावे इथे गौण आहेत, कारण चित्र सगळीकडे एकच. आदल्या दिवशी फोन येतो. चादरी धुऊन वाळत पडतात. अंगणात सडा पडतो. साहेब येतात, सभागृहात खुर्च्या मांडलेल्या असतात. कॅशबुक, व्हाउचर, हजेरीपट, धान्यसाठ्याची वही, डेडस्टॉक रजिस्टर टेबलावर येते. गाद्या मोजल्या जातात. एक गादी कमी भरली तर त्यावर अर्धा तास खल होतो. आग विझवण्याच्या नळकांड्याची तारीख पाहिली जाते. मग चहा आणि बटाटावडे येतात. (वड्यांविषयी माझी तक्रार नाही, आलेल्या माणसाला चहापाणी विचारणे हा आपला धर्मच आहे.) शेवटी आश्रमातल्या स्त्रियांना सभागृहात आणून जमिनीवर रांगेत बसवतात. अधीक्षिका मागे उभ्या राहतात. साहेब विचारतात, "काही तक्रार आहे का?" रांग एका सुरात म्हणते, "नाही." शेरेबुकात शेरा पडतो: व्यवस्था समाधानकारक आहे. जीप निघून जाते.

या अधिकाऱ्याला मी खलनायक मानत नाही. त्याच्याकडे साऱ्या जिल्ह्याचा कारभार असतो, गाडी दुसऱ्या कार्यालयाकडून मागून आणलेली असते, आणि त्याच्या वरिष्ठाला गाद्यांचाच तक्ता हवा असतो. गादी मोजता येते, भीती मोजता येत नाही. पण ज्या बाईचा नवरा तिला मारत होता म्हणून ती इथे आली, जिला परत पाठवले तर ती मरेल आणि इथे तक्रार केली तर रस्त्यावर येईल, ती बाई अधीक्षिकेच्या देखत, पंचवीस जणींच्या रांगेत बसून काय सांगणार? त्या प्रश्नाचे उत्तर 'नाही' हेच असते. ते विचारणाऱ्यालाही माहीत असते, म्हणून तर तो तसा विचारतो.

मुलांच्या बाबतीत कायद्याने थोडे शहाणपण दाखवले आहे. २०१५ च्या बालन्याय कायद्याप्रमाणे तपासणी समितीने प्रत्येक बालगृहाला तीन महिन्यांतून एकदा तरी भेट दिली पाहिजे, समितीत किमान तिघे हवेत, त्यांत एक स्त्री आणि एक वैद्यकीय अधिकारी हवा, आणि आठवड्याच्या आत अहवाल दिला पाहिजे. कागदावर हे उत्तम आहे. पण हा कायदा बालकांचा. अठरा वर्षे पूर्ण झालेल्या स्त्रीचे काय? तिच्यासाठी योजना आहेत. 'स्वाधार' आणि 'उज्ज्वला' या जुन्या योजना २०२२ मध्ये एकत्र करून त्यांचे नाव 'शक्ती सदन' ठेवण्यात आले. नाव भारदस्त आहे. परंतु जिच्या नावाने ही शक्ती उभी केली तिला एकांतात भेटून, तू इथे राजीखुशीने आहेस का, असे विचारण्याची नित्याची रीत मला तरी कोठे दिसली नाही.

हे सारे वाचून आपल्यापैकी पुष्कळांच्या मनात येईल की, फादर, ही उदाहरणे लबाड संस्थाचालकांची आहेत. व्रतस्थ धर्मभगिनींच्या घरात असे होणे नाही. हा समज भाबडा आहे आणि तो घालवण्यासाठी एका कॅथॉलिक देशाकडे पाहावे लागेल. आयर्लंडमध्ये धर्मभगिनींच्या संस्था स्त्रियांसाठी आश्रम चालवीत. त्यांना 'मॅग्डलीन लाँड्री' म्हणत, कारण तिथल्या स्त्रिया बाहेरच्या लोकांचे कपडे धूत. अविवाहित माता, अनाथ मुली, घरी नकोशा झालेल्या पोरी, किरकोळ गुन्ह्यात सापडलेल्या बायका, अशा कितीतरी जणी तिथे आणल्या गेल्या. त्यांना कामाचे वेतन मिळत नसे. दाराला कुलूप असे. पळून गेलेल्यांना पोलिसांनी परत आणून सोडल्याच्या नोंदी आहेत. १९२२ पासून १९९६ पर्यंत, म्हणजे शेवटची लाँड्री बंद होईपर्यंत, सुमारे दहा हजार स्त्रिया या भिंतींआड गेल्या. १९९३ साली डब्लिनच्या एका कॉन्व्हेंटने जमीन विकली आणि तिथल्या दफनभूमीतील अवशेष हलवण्याचा परवाना काढला. परवाना १३३ देहांचा होता. खोदल्यावर निघाले १५५.

आता देखरेखीच्या दृष्टीने या प्रकरणाकडे पाहा. आयर्लंड ब्रिटिश राजवटीखाली असताना १९०१ साली कारखान्यांच्या कायद्यात या लाँड्र्याही याव्यात असा प्रस्ताव पार्लमेंटपुढे आला. आयरिश राष्ट्रवादी खासदारांनी त्याला कडाडून विरोध केला. कॉन्व्हेंटमध्ये सरकारी तपासनीस? सिस्टरांचा हा अपमान आहे! ते कलम गाळण्यात आले. आपल्याकडे २०१८ साली जे उद्गार निघाले ते एकशे सतरा वर्षे आधी वेस्टमिन्स्टरमध्ये निघालेले होते. पुढे १९०७ साली कायदा झाला, पण सवलत ठेवून: चालकांनी तशी मागणी केली तर तपासनिसाने आश्रमातल्या स्त्रीची विचारपूस चालकांच्या माणसाच्या उपस्थितीतच करायची. म्हणजे यंत्राचा पट्टा नीट आहे ना, भिंतीला चुना दिला आहे ना, हे त्याने खुशाल पाहावे. बाईला मात्र एकटीला भेटू नये. आमचे रांगेतले 'नाही' आणि हे कलम यांत मला काही फरक दिसत नाही. फरक असलाच तर इतकाच की, ब्रिटिशांनी ते निदान कायद्यात लिहून ठेवले.

२०१३ च्या फेब्रुवारीत मॅकअलीज समितीचा अहवाल आला. ज्यांच्या दाखल होण्याचा मार्ग ठाऊक आहे अशा स्त्रियांपैकी सव्वीस टक्क्यांहून अधिक जणींना सरकारी यंत्रणेनेच तिथे पाठवले होते, असे त्यात नोंदले आहे. कारखाना तपासनीस या लाँड्र्यांत जात होते, हेही त्यात आहे. त्याच महिन्याच्या १९ तारखेला पंतप्रधान एंडा केनी यांनी संसदेत देशाच्या वतीने त्या स्त्रियांची क्षमा मागितली. भरपाईची योजना सरकारने आखली, तेव्हा लाँड्र्या चालवणाऱ्या चारही धर्मसंघांनी त्या निधीत पैसे घालण्यास नकार दिला. हे लिहिताना एक धर्मगुरू म्हणून मला कष्ट होतात. पण आपल्या नियतकालिकाने ते लिहिले नाही तर आपली मुले ते इतरत्र वाचतील, आणि मग आपण सांगितलेल्या दुसऱ्या कशावरही विश्वास ठेवणार नाहीत. त्या सिस्टर साऱ्याच दुष्ट होत्या असे मी म्हणत नाही. पुष्कळ जणी स्वतः भल्या पहाटे उठून राबत होत्या. पण चांगुलपणाला कोणी विचारणारे नसले की तो हळूहळू मालकी गाजवू लागतो, आणि तसे करताना आपण प्रार्थना करीत आहोत असेच त्याला वाटत राहते.

ख्रिस्तसभेला हे मानवी दौर्बल्य ठाऊक नव्हते असेही नाही. आपल्या धर्मसभेच्या कायद्यात, १९८३ च्या संहितेत, ३९७ वा नियम सांगतो की, धर्मप्रांतातील कॅथॉलिक संस्था बिशपांच्या भेटीच्या कक्षेत येतात. ६२८ वा नियम तर आवर्जून वाचावा असा आहे. धर्मसंघाच्या घरात भेटीला आलेल्या अधिकाऱ्याच्या प्रश्नांना प्रत्येक सदस्याने खरी उत्तरे द्यावीत, आणि कोणीही, म्हणजे सुपीरियरनेसुद्धा, त्यांना त्यापासून परावृत्त करू नये किंवा भेटीच्या उद्देशात अडथळा आणू नये, असे त्यात बजावले आहे. याचा अर्थ काय? माणसाला विचारल्याखेरीज घराची स्थिती कळत नाही, हे रोमला पुरते माहीत आहे. सिस्टरांना हा हक्क दिलेला आहे. त्याच छपराखाली झोपणाऱ्या, टाकलेल्या, मारलेल्या, फसवलेल्या बाईला तो का नको? आणि जी व्यवस्था बिशपांच्या प्रतिनिधीने केली तर पवित्र, तीच जिल्हा अधिकाऱ्याने केली तर अपमान कशी ठरते?

प्रभू येशूकडे पाहावे. यरीहोच्या वाटेवर आंधळा बार्तीमय ओरडत होता. त्याला काय हवे ते गर्दीतल्या पोरालाही सांगता आले असते. तरी प्रभूने त्याला जवळ बोलावले आणि त्यालाच विचारले. आम्ही मात्र आश्रमातल्या बाईला काय हवे ते तिच्या वतीने ठरवून टाकतो: शिवणयंत्र, सकाळची प्रार्थना, आणि संध्याकाळी सहानंतर दाराला कडी.

त्या कडीविषयी थोडे अधिक बोलले पाहिजे, कारण सारा प्रश्न तिथे येऊन टेकतो. अनैतिक व्यापार प्रतिबंधक कायद्याखाली सुटका केलेल्या स्त्रियांना दंडाधिकारी संरक्षणगृहात ठेवू शकतात. सप्टेंबर २०२० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने अशाच तीन प्रौढ स्त्रियांना मुक्त करण्याचा आदेश दिला आणि प्रौढ स्त्रीला तिच्या इच्छेविरुद्ध असे डांबून ठेवता येणार नाही, असे बजावले. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने साऱ्या राज्यांना सांगितले की, संरक्षणगृहांची पाहणी करा आणि तिथे इच्छेविरुद्ध ठेवलेल्या प्रौढ स्त्रियांच्या सुटकेचा विचार मुदतीत करा. म्हणजे देशाच्या सर्वोच्च न्यायालयाला, इथे राहायचे आहे का हे त्या बायकांना जाऊन विचारा, असे राज्यांना सांगावे लागले! यावर आपल्या प्रवचनांतून एक शब्द मी ऐकला नाही. त्या बायकांचा पूर्वीचा व्यवसाय आपल्याला बोलू देत नाही. मरिया मॅग्दालियेचे नाव आपण चर्चला देतो, मुलींना देतो. तिच्यासारख्या मानल्या गेलेल्यांना किल्ली देत नाही.

माझ्या या भूमिकेला दोन आक्षेप घेतले जातील आणि दोन्ही वजनदार आहेत. पहिला असा की, ख्रिस्ती आश्रमात येणारा तपासनीस बाईला एकांतात भेटेल तो 'तुला बाटवले का' एवढेच विचारण्यासाठी. हे भय आजचे नाही. पंडिता रमाबाईंनी १८८९ साली मुंबईत शारदा सदन काढले आणि पुढल्या वर्षी ते पुण्यास नेले. रमाबाई प्रार्थना करीत तेव्हा त्यांच्या खोलीचे दार उघडे असे, काही मुली आत येऊन बसत. त्यावरून वादळ उठले आणि १८९३ साली रानडे, भांडारकर आदी सल्लागारांनी राजीनामे दिले. त्या विधवा मुली तिथे सुखी होत्या की दुःखी, शिकत होत्या की नाही, यापेक्षा त्या कोणत्या देवापुढे बसतात हाच महाराष्ट्राचा प्रश्न झाला. आजही तसेच होईल, हे मी नाकारत नाही. पण यावर उपाय दार लावून घेणे हा नव्हे. रमाबाईंनी तेही केले नाही. एखाद्या बाईला तिच्या इच्छेविरुद्ध प्रार्थनेला बसवले जात असेल तर तिने ते निर्भयपणे सांगावे. बसवले जात नसेल तर तिचे शब्द हीच आपली उत्तम साक्ष. आपण वकील नेमतो, मोर्चे काढतो, आणि जिच्या साक्षीने आळ धुऊन निघेल तिचेच तोंड बंद ठेवतो.

दुसरा आक्षेप गुप्ततेचा. जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी १८६३ साली पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले ते गुप्ततेची हमी देऊनच. नाव फुटले असते तर एकही विधवा त्या उंबऱ्यावर आली नसती. नवऱ्यापासून, भडव्यापासून, कधी सख्ख्या बापापासून लपलेल्या बाईचा पत्ता सरकारी फायलीत गेला तर तो संध्याकाळपर्यंत चहाच्या टपरीवर पोहोचतो, हे मला ठाऊक आहे. म्हणूनच बाईचे नाव-गाव फोडणारी तपासणी नको. पण गुप्तता तिची आहे, आश्रमाची नव्हे. ती केव्हा उघडायची, कोणापुढे उघडायची, हे तिने ठरवायचे. तिच्या गुप्ततेच्या पदराआड आपला ताळेबंद आणि आपली शिस्त लपवणे हा निराळाच व्यवहार झाला.

आणि वाचकहो, रागावू नका, पण यात आपल्या कुटुंबांचाही वाटा आहे. आयर्लंडमधल्या त्या पोरींना सरकारने पाठवले तसे आईबापांनीही पाठवले आणि माझ्यासारख्या धर्मगुरूंनीही पाठवले. आपल्याकडे पोरीला दिवस गेले की रातोरात कोणत्या तरी लांबच्या 'सिस्टरांच्या घरी' धाडतात. शेजारी विचारले तर मावशीकडे गेली, नर्सिंगला गेली. सहा-सात महिन्यांनी ती रिकाम्या ओटीने परत येते आणि घरात त्या विषयावर पुन्हा कोणी तोंड उघडत नाही. तिचे मूल कुठे गेले, तिने सही केली की अंगठा दिला, हे विचारण्याची ज्यांना हिंमत झाली नाही तेच देणगीदार म्हणून वर्षाच्या सणाला साड्या आणि लाडू घेऊन आश्रमात जातात. बायकांना ओळीने उभे करून गाणे म्हणायला लावतात, फोटो काढतात. एकदा तरी कोणी लाडू बाजूला ठेवून त्यांच्यापाशी बसले आहे काय?

सरकारने काय करावे हे मी स्पष्ट सांगतो. फोन न करता यावे. समितीत आश्रमाशी लागेबांधे नसलेली एक स्त्री, एक डॉक्टर, आणि शक्य तिथे पूर्वी अशा घरात राहून बाहेर पडलेली एक स्त्री असावी. प्रत्येक रहिवासी बाईला एकटीला भेटावे, अधीक्षिकेने त्या वेळी दुसऱ्या इमारतीत असावे. अहवाल सरकारकडे जाण्याआधी तिथल्या स्त्रियांना त्यांच्या भाषेत वाचून दाखवावा. तक्रार करणारीला दुसरीकडे निवारा मिळेल याची लेखी हमी असावी, नाहीतर हे सारे फुकट. आणि मग गाद्या मोजायच्या असतील तर खुशाल मोजाव्यात. अनुदान वर्षवर्ष अडकवून ठेवायचे आणि वर तपासणीत भाजी पातळ का म्हणून विचारायचे, हे मात्र थांबले पाहिजे; ज्याने पैसे दिले नाहीत त्याने डाळीत बोट बुडवून पाहू नये.

सरकार हे करीपर्यंत आपण थांबण्याची गरज नाही. आपल्या धर्मप्रांतातील आश्रमांसाठी अशी बाहेरची समिती बिशपांनी स्वतः नेमावी, तीत धर्मगुरू नसावेत, आणि तिच्या अहवालाची प्रत जिल्हा महिला व बालविकास अधिकाऱ्यांकडेही जावी, अशा विनंतीचा अर्ज मी आमच्या पॅरिश कौन्सिलपुढे ठेवला. दोन बैठका वादात गेल्या. एका ज्येष्ठ सदस्यांनी विचारले, समितीत धर्मगुरू का नकोत? मी म्हणालो, कारण आम्हांला पाहिले की बायका उठून उभ्या राहतात. तिसऱ्या बैठकीत अर्ज मंजूर झाला, सातविरुद्ध पाच मतांनी. आमच्या हद्दीतल्या आश्रमाच्या सुपीरियर सिस्टरांनी त्यावर सही केली आहे. अट एकच घातली, ती अशी की समितीने पहिली भेट पावसाळ्यात द्यावी, कारण गळके छप्पर उन्हाळ्यात कोणाला दिसत नाही. अर्जाच्या प्रती कचेरीत आहेत. इतर धर्मग्रामांना हव्या असतील त्यांनी रविवारच्या मिस्सेनंतर घेऊन जाव्यात.